सटवाची शेवटची भाकणूक

सटवा, आधी तुझ्यावर रागावून घेतो, मग बाकीचं बोलू.

सगळ्या तालुक्याला तू पाऊस सांगायचास. मृग कोरडा जाईल, हस्त धुवून काढील, तुरीला शेंग धरेल, राजाला झोप लागणार नाही, असलं काय काय. आणि स्वतःचं? जालन्याच्या दवाखान्यात माझ्या हातचा वरणभात दोन घास खाल्लास, तोंड वाकडं केलंस, मी डबा विसळायला नळावर गेलो आणि परत येतो तर तू निघून गेलेला. एका शब्दानं सांगितलं असतंस तर डबा तसाच खरकटा राहू दिला असता. जन्मभर मी तुला 'तुझं एक भाकीत खरं होत नाही' म्हणून चिडवलं, आणि जाताना तू माझंच म्हणणं खरं करून गेलास.

राख सावडून झाली. दहावा व्हायचा आहे. चौकात तुझे दोन फ्लेक्स लागलेत, एक या टपरीशेजारी, एक त्या. दोन्हींवर फोटो तोच, जत्रेतला, कपाळभर भंडारा फासलेला. खाली हात जोडून उभी असलेली माणसं तेवढी वेगळी. तुझं घराणं, तुझी परंपरा, तुझं कार्य सगळं त्यांनी त्यात घातलं आहे, म्हणून ते मी लिहीत नाही. मला तुझ्याशी भांडायचं आहे, आणि ते काही फ्लेक्सवर मावायचं नाही.

तसे आपण शाळेतल्या बाकापासून भांडतोच आहोत. माझ्या आजोबांनी घरातले देव गोदावरीत सोडले, आणि तुझ्या आजोबांच्या अंगात बिरोबा यायचा. असल्या दोन घरांतली पोरं एका बाकावर आली, कारण त्या शाळेत दुसरा बाक नव्हता. पुढे मी आष्टीच्या शाळेत विज्ञान शिकवत राहिलो, तू मेंढरं वळत राहिलास, आणि निवृत्त होऊन गावी परतलो तर तू टपरीवर जणू कालच बोलणं अर्धं राहिलं असावं तसा म्हणालास, "बस मास्तर. तर काय सांगून राह्यल्तो मी?"

मी तुला एकच प्रश्न विचारत आलो. जत्रेत जे बोलतोस ते देव बोलतो का तू बोलतोस? एकदा तू उलट विचारलंस, "तू फळ्यावर लिवतो तवा तू लिवतो का खडू लिवतो?" फार चांगलं उत्तर मला दुसऱ्या दिवशी सुचलं, तेव्हा तू मेंढरं घेऊन रानात गेला होतास. ते उत्तर आता मलाही आठवत नाही.

मला तुझ्या देवाशी देणंघेणं नव्हतं, पण तुमच्या भाकणुकीची मांडणी मला आवडायची, हे मी तुझ्या तोंडावर कधी नीट कबूल केलं नाही. चैत्रातली जत्रा, गावाबाहेरच्या माळावर बिरोबाचा ओटा. तू वर उभा राहणार, खांद्यावर काळं घोंगडं, मुठीत भंडारा, आणि बोलणार ते अगदी हळू. शेजारच्याला ऐकू जाईल न जाईल इतकं. देव ओरडत नसतो, असं तुझे आजोबा सांगायचे. मग ते लोकांपर्यंत पोहोचायचं कसं? तर तुझ्या खालच्या पायरीवर पाटलांच्या घरातला माणूस उभा. तू एक वाक्य टाकायचंस, त्यानं ते झेलायचं आणि मोठ्यानं माळभर पोहोचवायचं, लोकांनी चांगभलं म्हणायचं, मग तू पुढचं वाक्य. धनगराच्या घरानं बोलायचं आणि पाटलाच्या घरानं उचलायचं. झेलला नाही तर तो शब्द पडला, त्याची भाकणूक होत नाही. आणि एकदा निघालेला शब्द तू पुन्हा उच्चारायचा नाहीस. हे कोणी आणि का लावून दिलं ते तुलाही माहीत नव्हतं. पण ज्यानं लावलं त्याला माणसं कळत होती.

तुझा बाप बोलायचा, तेव्हा पाटलांच्या विठ्ठलबप्पांचा बाप झेलायचा. मग तू आणि बप्पा. बप्पांचा आवाज म्हणजे, खळ्यावरून हाक दिली तर शिवेवरचा बैल कान टवकारायचा. एरवी तुम्हा दोघांचं फारसं बोलणंही नसायचं. तू त्यांना अहोजाहो करायचास, ते तुला अरे म्हणायचे, आणि वर्षातून एकदा तुमच्या दोघांचा मिळून एक माणूस व्हायचा.

मग ते आरक्षणाचं वर्ष आलं. एक कुठलं वर्ष, तीन वर्षं झाली म्हण, अजून चाललंच आहे. अंतरवालीच्या उपोषणाकडे जाणाऱ्या गाड्यांनी आपला रस्ता उखडून गेला. एका बाजूचं उपोषण सुटायचं तर दुसऱ्या बाजूचं बसायचं. मराठे म्हणत आमच्या पोरांना काही नाही, ओबीसी म्हणत आमच्या पोरांच्या ताटातलं चाललं. टपरीवर मी दोन्ही बाजूंचे मुद्दे फळ्यावर मांडल्यासारखे सांगायचो आणि तू ऐकून घ्यायचास. एकदा म्हणालास, "दोघांचीबी पोरं रिकामी बसून राह्यलीत मास्तर. खोटं कुनीच न्हाई बोलत. हेच तर वांधं हाय."

बघता बघता टपरीच्या दोन टपऱ्या झाल्या. केस कापायचं दुकान दोन ठिकाणी झालं. वेचणीला या वस्तीतल्या बाया त्या वस्तीतल्या रानात जाईनात, कापूस बोंडातून लोंबत राहिला. लग्नाच्या पत्रिका अर्ध्याच घरांत जाऊ लागल्या. आम्ही बौद्ध वस्तीतली माणसं, जन्मभर गावाच्या कडेला राहिलो, आणि त्या वर्षी एकदम गावाच्या मधोमध आलो. दोन्हीकडचे येऊन विचारायचे, मास्तर, तुम्ही सांगा, आमचं चूक आहे का?

आणि भविष्य सांगणारे तरी किती निघाले! पूर्वी तू एकटा होतास, तेही वर्षातून एक दिवस. आता मोबाइलवर रोज एक. कोणी महाराज ग्रह मांडून सांगायचे, आषाढात सरकार पडणार. दुसरे सांगायचे, एक वाघ उठणार आणि सगळं सरळ करणार. नेते देवासारखे बोलू लागले आणि बुवा नेत्यांसारखे. जो तो उद्याचं राज्य दाखवत होता. उद्याच्या राज्यात सगळ्यांना सगळं होतं, आणि आज गावात टँकर दोन दिवसांआड येत होता, त्यावर बोलायला कोणालाच सवड नव्हती. लोक ऐकायचे मात्र जीव ओतून. मला राग यायचा आणि वाईटही वाटायचं. माणूस बुडताना हाताला लागेल ते धरतो, त्याला काय बोलणार?

जत्रा जवळ आली तशी सगळ्यांना तुझी आठवण झाली. सकाळी एक पांढरी गाडी तुझ्या दारात, संध्याकाळी एक काळी. सकाळच्यांना हवं होतं की गादी पालटेल आणि हक्क पदरात पडेल असा शब्द निघावा. संध्याकाळच्यांना हवं होतं की कोणाच्या ताटातलं कोणी नेणार नाही असा शब्द निघावा. तू दोघांनाही चहा पाजलास आणि दोघांनाही एकच सांगितलंस, "देव काय माज्या शेळीवानी दाव्याला बांधला हाय का, सोडला की आला?" पारूवहिनी मला नंतर म्हणाल्या, "दोघांनीबी कप अर्धा ठिवला मास्तर. दूध वाया."

तिसरा मी आलो. हे भांडण आपलं अर्धं राहिलं, म्हणून मला ते पुन्हा काढायचं आहे.

मी म्हटलं, सटवा, तू असं बोल की गाव फुटलं तर बिरोबाचा कोप होईल. एकत्र राहा, एकमेकांच्या रानात जा, असं बोल. बप्पा झेलतील, लोक मानतील.

तू म्हणालास, "तू बी आलास का गाडी घिऊन?"

मी पायी आलो होतो रे. चप्पल धुळीनं भरली होती.

"तुजा इस्वास हाय का बिरोबावर?"

"नाही."

"मंग त्याच्या तोंडात तुजा शब्द काहून घालतो? तुज्या तोंडानं सांग की."

"माझं कोण ऐकतं?"

"मंग त्याचं तरी कोन ऐकून राह्यलंय?"

मी चिडलो. म्हटलं, दोन डोकी फुटतील त्यापेक्षा एक खोटं बरं. तू म्हणालास, त्या गाडीवाल्यांनाही तेच वाटतं, त्यांच्या मते त्यांचंही खोटं भल्यासाठीच आहे. मी संविधान काढलं, त्यात माणसानं माणसाशी कसं राहायचं ते लिहून ठेवलंय म्हटलं. तू मान हलवलीस. "तुजा शब्द लिवलेला, माजा बोललेला. उचलनारा नसला तर दोन्ही पडून राह्यतेत मास्तर." मी चहा न घेता उठलो. मी बरोबर होतो असं मला आजही वाटतं. देव न मानणारा मी तुला देवाच्या नावानं बोलायला सांगत होतो आणि देव मानणारा तू नाही म्हणत होतास, हे मात्र उलटंच झालं होतं, आणि त्यावर आपण दोघं पुढे कधीतरी हसलो असतो. हसायचं राहून गेलं.

जत्रेच्या दिवशी माळावर दोन डीजे होते, महाप्रसादाच्या दोन चुली होत्या आणि पोलिसांची एक गाडी होती. तू ओट्यावर चढलास. खालची पायरी रिकामी.

बप्पांकडून निरोप आला, ताप भरलाय.

ताप कसला, ते सगळ्या गावाला ठाऊक होतं. घरातली नातवंडं आडवी आली होती, त्यांचा शब्द तुम्ही उचलायचा नाही म्हणून. आणि तुझ्याकडची पोरं काही कमी नव्हती. ती माइक घेऊन आली. म्हणाली, "आपला शब्द त्याह्यच्या तोंडून कशापाई? माइक हाय की." तू माइकला हात लावून तो बाजूला केलास, दारातलं कुत्रं सारावं तसा, न रागावता.

तू थांबलास. ढोल बंद झाले. ओट्यावरून बप्पांचं घर दिसतं, माडीवरची निळी टाकी दिसते. तू तिकडे बघत राहिलास. ऊन डोक्यावर आलं. मला वाटलं आता तू तसाच खाली उतरशील.

तू बोललास.

मी लिंबाखाली होतो. मला तुझे ओठ हलताना दिसले, आवाज आला नाही. एक वाक्य बोललास आणि थांबलास, बप्पांना झेलायला लागायचा तेवढा वेळ. मग दुसरं. मग पुन्हा थांबलास. कोणी चांगभलं म्हणेना, कारण कशाला म्हणायचं ते कोणालाच कळलं नव्हतं. सगळी भाकणूक तू पुरी केलीस, पाऊस, पीक, राजा, प्रजा, जे काय असेल ते. भंडारा उधळलास आणि खाली आलास. एवढ्या माणसांनी भरलेला माळ इतका गप्प मी आयुष्यात पाहिला नाही. आणि करण्यासारखं काही म्हणजे काही नव्हतं.

संध्याकाळपर्यंत मात्र तू काय बोललास ते सगळ्यांना कळलं. या वस्तीला एक कळलं, त्या वस्तीला दुसरं. तुझ्या हलणाऱ्या ओठांचा व्हिडिओ फिरला, त्यावर ज्यानं त्यानं आपापला आवाज चढवला. या वस्तीत तू म्हणालास की आता उठा. त्या वस्तीत तू म्हणालास की आता उठा. दोन दिवसांनी चौकात मोटारसायकली आडव्या झाल्या, हॉटेलाच्या काचा गेल्या, दोन्हीकडच्या पोरांची डोकी फुटली आणि दोन्हीकडची पोरं पोलिसांनी उचलली. त्यांतली निम्मी आष्टीच्या शाळेत माझ्या हातचे दोन दोन धपाटे पाठीत खाल्लेली. मी ठाण्याबाहेर उभा होतो. दोन्ही बाजूंच्या आया दोन झाडांखाली बसून रडत होत्या, एकसारख्या.

मी तुझ्याकडे आलो. काय बोललास ते सांग, म्हटलं, म्हणजे हे खोटं तरी थांबेल. तू म्हणालास, "निंघाल्याला शब्द परत येत न्हाई." मी हात जोडले. तेव्हा तू जे बोललास ते अजून माझ्या डोक्यातून जात नाही.

"तुला आयकायचं व्हतं, तर पायरीवर काहून न्हाई आलास?"

सटवा, ती पायरी पाटलाची. आमच्या घरातलं माणूस त्या ओट्याला शिवलं नव्हतं, आधी शिवू देत नव्हते म्हणून आणि नंतर आम्हालाच गरज नव्हती म्हणून. तुला ते माहीत होतं. तरी तू विचारलंस, आणि विचारताना तुझ्या चेहऱ्यावर थट्टा नव्हती. त्या दिवशी ओट्यावरून तू खरंच माझी वाट बघितलीस का? का नुसता चिमटा काढलास? मी विचारणार होतो. उद्या विचारू, उद्या विचारू करत आपण मेंढरांवर आणि माझ्या गुडघ्यांवर बोलत राहिलो.

नंतरचे महिने तू संध्याकाळी ओट्यावर जाऊन बसायचास. समोर बप्पा त्यांच्या माडीवर. तुम्हाला एकमेकांची पागोटी दिसायची. ना तू गेलास, ना ते आले. मी दोघांकडे गेलो, मला कोण अडवणार. बप्पांना म्हटलं, जा की बप्पा. ते म्हणाले, "कसा जाऊ मास्तर? माजीच नातवंडं मला इचारतेत, तुमी कोनाकडून हायेत म्हून. या वयात घरातच कोरट भरून राह्यलंय." तुला म्हटलं, तू तरी जा. तू अगदी सरळ चेहऱ्यानं म्हणालास, "त्याह्यला ताप हाय ना? उतरला की येतील."

तो ताप तू शेवटपर्यंत खरा धरलास. पाऊसकाळ सरला, सोयाबीन निघालं, तुझा खोकला वाढला, फुप्फुसात पाणी झालं म्हणाले, आपण जालन्याला आलो, आणि तिथंही खाटेवरून तू विचारायचास, "उतरला का रे बप्पाचा ताप?" मी म्हणायचो, उतरतोय. हे खोटं तुला चाललं.

दवाखान्यात माझा फोन सारखा वाजायचा. दोन्हीकडून एकच प्रश्न, काही बोलले का? तब्येत कशी आहे हे त्याच्या नंतर. तू बोलायचास की. चितकबरी मेंढी गाभण आहे, तिला आंबोण घाला. पारूचा गुडघा दुखतो, तिला एस्टीनं आणू नका. डाळीत मीठ नाही. यात त्यांना काही उपयोगाचं नव्हतं. मी फोन बंद करून ठेवला.

आणि त्या दुपारी, दोन घासांनंतर, भिंतीकडे तोंड करून तू म्हणालास, "घरी सांग मास्तर. घोंगडं उन्हात टाका म्हनावं. दमट झालंय." मी बरं म्हटलं आणि डबा विसळायला गेलो. पुढचं तुला माहीत आहे.

आता तुला माहीत नाही ते सांगतो.

राख सावडून आल्यावर तुझ्या अंगणात माणसं बसली. एक बाजू शेवग्याखाली, एक बाजू भिंतीच्या सावलीला, मधे मोकळी जागा. दुःखातसुद्धा सरमिसळ नाही. मी दाराशी, खुंटीवरच्या घोंगड्याखाली. वहिनी आत बायांत. तेवढ्यात फाटकाशी कोणी आलं आणि चपलांच्या ढिगाजवळच खाली बसलं. बप्पा होते. किती वाळलेत रे ते. एकटेच आले होते, घरातलं कोणी बरोबर नव्हतं.

मग शेवग्याखालून कोणी म्हणालं, "मास्तर, शेवटाला तुमी व्हतात. काय बोलले?" भिंतीकडूनही माना वळल्या. वहिनी उंबऱ्यापर्यंत आल्या.

सटवा, तुझ्याकडे जे मागायला मी धुळीतून पायी आलो होतो, ते त्या क्षणी माझ्या जिभेवर होतं. एक व्हा, म्हणाला. नुसतं एवढं. खोटं ठरवायला कोणी उरलं नव्हतं. सगळं अंगण माझ्या तोंडाकडे बघत होतं, आणि मला माहीत होतं की मी बोलेन ते खरं होणार. आणि मला ते बोलता येईना. तुझा तो हट्ट आडवा आला. मला तुझी इतकी आठवण आली की आवाजच फुटेना. पुटपुटल्यासारखं म्हणालो,

"घोंगडं उन्हात टाका म्हणाला. दमट झालंय."

पुढच्या दोघांना ऐकू गेलं असेल. मागच्यांनी कानामागे हात धरले. आणि फाटकाशी, चपलांच्या ढिगाजवळून,

"घोंगडंऽऽ उन्हात टाकाऽऽ! दमट झालंयऽऽ!"

बप्पा! बसल्या जागेवरून. त्यांनाही ते कळलं नव्हतं, सांगतो तुला. हळू बोललेलं टिपण्यात त्यांचे कान मुरलेले, आणि अख्खी हयात ज्या तोंडानं तुझा शब्द झेलला, ते तोंड त्यांना न विचारता उघडलं. आवाज पार माळापर्यंत गेला असेल. आणि अंगणातून, शेवग्याखालून आणि भिंतीकडून, चांगभलं निघालं. मोठ्यानं नाही. सवयीनं.

एका फ्लेक्सवाल्यानं मला हळूच विचारलं, "म्हंजी काय, मास्तर?" मी म्हटलं, "म्हणजे घोंगडं उन्हात टाकायचं."

बप्पांनी उपरण्यात तोंड घातलं होतं. वहिनी उंबरा उतरून आल्या. खुंटीवरचं घोंगडं काढलं, मधल्या मोकळ्या जागेतून चालत गेल्या आणि बप्पांपुढे उभ्या राहिल्या. कुजकट बोलणं वहिनींच्या स्वभावात नाही, तुला माहीत आहे. त्यांनी खरंच विचारलं.

"उतरला का ताप, भावजी?"

बप्पांनी मान वर केली नाही. तसेच उठले, घोंगड्याचं एक टोक त्यांनी धरलं, एक वहिनींनी, आणि दोघांनी ते भिंतीवर पसरलं. मग बप्पा चपला घालून गेले.

मला वाटलं, झालं. मी मास्तर माणूस, धडा संपला की खाली रेघ मारायची सवय. मला वाटलं आता टपरी एक होईल.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावात फिरलो. सटवा, तू असायला हवा होतास. या वस्तीत प्रत्येक भिंतीवर घोंगडं. त्या वस्तीत प्रत्येक भिंतीवर घोंगडं. ज्यांच्याकडे घोंगडं नाही त्यांनी चादरी टाकल्यात, रजया टाकल्यात, एकानं गाडीचं कव्हर टाकलंय. शेवटची भाकणूक, पाळायला नको? मी एकटाच चौकात उभा राहून हसलो आणि मग मला रडू आलं. कारण चहा अजून दोन टपऱ्यांवरच उकळत होता. उपोषणाचा मांडव नव्यानं पडत होता. बप्पांशी घरात कोणी बोलत नाही म्हणतात, ताट माडीवर नेऊन ठेवतात. तुझा शब्द दोन्हीकडच्यांनी उचलला आणि एकमेकांकडे कोणी बघितलंही नाही.

मी बप्पांकडे जाऊन आलो. चैत्रात काय करायचं, विचारलं. ते म्हणाले, "बोलनाराच ऱ्हायला न्हाई, मी काय झेलू?" तुझ्या थोरल्याला तू काही शिकवलं नाहीस, तो पुण्याला कंपनीत. ओटा आहे, पायरी आहे. पायरीवर मी काल थोडा वेळ बसलो होतो. मला कोणी उठवलं नाही, आणि तिथे बसून ऐकण्यासारखंही काही नव्हतं. त्या दिवशी काय बोललास रे?

आणि आणखी एक घोळ करून ठेवलायस. ती घोंगडी अजून बाहेरच आहेत. दिवसभर खडखडीत वाळतात. पण घरात घ्यायला कोणी धजत नाही. टाका म्हणून सांगितलं, उचला म्हणून कुठं सांगितलं, असं दोन्ही वस्त्यांचं म्हणणं पडलं. एवढ्या एका गोष्टीवर गावाचं एकमत आहे. कार्तिकातलं दव पडतं आणि पहाटेपर्यंत सगळी पुन्हा ओली होतात. तुझंही भिंतीवरच आहे. वहिनी त्याला हात लावून बघतात आणि माझ्याकडे बघतात. मी त्यांना काय सांगू? उचला, एवढं एक बोलून जायचंस.